मीनलची वार

मी एक जुनी वार आहे. वय विचाराल तर नऊ महिने होत आले. हसू नका मित्रांनो, आमच्यात हे म्हातारपण आहे. जन्म, काम, कौतुक, दुर्लक्ष, निवृत्ती, सगळं आम्ही नऊ महिन्यांत उरकतो.

वार म्हणजे काय हे तुमच्यातल्या बऱ्याच जणांना माहीत नसेल. घरी विचारलं तर मोठी माणसं विषय बदलतात. म्हणून मीच सांगते. बाळ आईच्या पोटात असतं तेव्हा त्याला जेवण कोण देतं? श्वास कोण देतं? त्याची घाण कोण बाहेर काढतं? मी. बाळाच्या बेंबीतून नाळ निघते. तिचं दुसरं टोक माझ्यात असतं, आणि मी आईच्या गर्भाशयाला चिकटलेली असते. दिसायला मी खास नाही. जाड भाकरीसारखी, काळपट लाल, एका बाजूनं गुळगुळीत, दुसऱ्या बाजूनं खडबडीत. माझा फोटो कोणी भिंतीवर लावत नाही.

माझा पत्ता सांगायचा तर मीनल, राहणार इचोडा. आदिलाबादजवळ, हैदराबाद-नागपूर रोडवरचं बाजाराचं गाव. मीनलचा नवरा अमर. सासू भागाबाई, सासरे नागोराव. गावाबाहेर यांचं भाजीचं रान आहे. वांगी, टमाटे, कोथिंबीर, मुळा. पहाटे तोडायचं, दिवसभर रोडच्या कडेला बसून विकायचं.

मला कान नाहीत. मग बाहेरचं सगळं कसं कळलं, असं कोणी विचारेल. ज्या घरात नऊ महिने राहायचं त्या घरातलं कळतंच, मित्रांनो.

आता मुळापासून सांगते.

सुरुवातीला मी आणि बाळ वेगळे नव्हतोच. एकच दाणा होतो, खसखशीपेक्षाही बारीक. एका पेशीच्या दोन झाल्या, दोनाच्या चार, आणि असं होत होत पेशींचा एक गोळा झाला. मग त्या गोळ्यात पाणी भरलं आणि आतले-बाहेरचे वेगळे झाले. आत एका कोपऱ्यात ज्या पेशी जमल्या त्यांचं पुढं बाळ झालं. ज्या कडेनं होत्या त्यांची मी झाले. परीक्षा नाही, मुलाखत नाही. कडेला होते म्हणून कडेचं काम माझ्याकडं आलं. मला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. कडेला कोणीतरी लागतंच.

त्या गोळ्याभोवती एक पातळ कवच होतं. गर्भाशयाकडं येणाऱ्या नळीतच कुठं चिकटू नये म्हणून ते असतं. गर्भाशयात पोचल्यावर ते फाटलं आणि आम्ही उघडे पडलो. समोर मीनलनं तयार केलेलं अस्तर होतं.

तुम्ही कधी गादीवाफा बघितला का? मिरचीचं, वांग्याचं रोप तयार करायला अमर जमिनीपेक्षा उंच, भुसभुशीत, खत घातलेला वाफा करतो. बी टाकलं की धरलंच पाहिजे असा. मीनलचं अस्तर अगदी तसं होतं. मऊ, जाड, रसानं भरलेलं. दर महिन्याला बाईचं शरीर असा वाफा नव्यानं करतं. कोणी आलं नाही तर तो मोडून टाकतं. तीच पाळी. पुढच्या महिन्यात परत पहिल्यापासून. न सांगता, न थकता. मला तर हे आठवलं तरी मीनलपुढं हात जोडावेसे वाटतात. हात नाहीत, ते सोडा.

तर आम्ही त्या वाफ्याला टेकलो. आधी नुसतं टेकलो. मग पकडलं. मग मी आत शिरायला लागले.

इथं माझ्यात एक मोठा बदल झाला. माझे दोन थर पडले. पुस्तकात त्यांना लांबलचक नावं आहेत, आपण आतला थर आणि बाहेरचा थर म्हणू.

आतल्या थरातल्या पेशी वेगवेगळ्या राहिल्या. प्रत्येकीची आपली भिंत, आपलं घर. त्या वाढत राहिल्या, एकीच्या दोन होत राहिल्या. त्यातल्या काही पुढं सरकायच्या आणि बाहेरच्या थरात मिसळून जायच्या. मिसळताना आपली भिंत सोडून द्यायच्या. कल्पना करा, एका गल्लीतल्या सगळ्या घरांनी मधल्या भिंती पाडल्या आणि एकच लांबच लांब घर केलं, पण चुली मात्र सगळ्यांच्या तशाच पेटत्या ठेवल्या. असा माझा बाहेरचा थर. एकच अंग, आणि त्यात शेकडो पेशींची केंद्रं.

भिंती कशाला पाडल्या? कारण दोन घरांच्या मधून बोळ जातो, आणि बोळातून कोणीही आत येऊ शकतं. बोळच नाही तर येणार कुठून? आईच्या रक्तात पहारेकरी पेशी असतात, परक्या माणसाला हाकलणाऱ्या. मी अर्धी मीनलची, पण अर्धी अमरची. म्हणजे तिच्या शरीराला अर्धी परकीच. तरी तिनं मला हाकललं नाही. उलट त्या अस्तरात काही पहारेकरी असे होते की त्यांनी मला वाट करून दिली. आणि मी फार खोल जायला लागले की तेच अस्तर मला अडवायचं. ये, पण इथपर्यंतच. इतकं मोजून मापून वागणारं घर मी दुसरं बघितलं नाही. दुसरं बघणारही नाही म्हणा.

बाहेरच्या थराला आणखी एक काम होतं, आणि माझी खरी गोष्ट तिथंच आहे.

मीनलच्या बीजकोशात एक छोटा पिवळा गोळा होता. तोच वाफा टिकवून ठेवतो. पण त्याचं आयुष्य जेमतेम दोन आठवड्यांचं. तो सुकला की वाफा मोडतो, पाळी येते, आणि मी, बाळ, सगळं वाहून जातं. म्हणून माझ्या बाहेरच्या थरानं रक्तातून निरोप पाठवायला सुरुवात केली. थांब. सुकू नको. आम्ही आलोय. दिवसरात्र एकच निरोप, दर दिवशी आणखी मोठ्यानं.

पिवळ्या गोळ्यानं ऐकलं. घरातल्या कोणीच ऐकलं नाही. त्याचं कारण महालक्ष्म्या.

नागोरावांच्या घरी भादव्यात महालक्ष्म्या बसतात. तीन दिवस. मुखवटे, साड्या, फुलोरा, पुरण, आंबील, आणि सोळा भाज्यांची मिसळ. पाळी आलेल्या बाईनं त्या तीन दिवसांत चुलीजवळ यायचं नाही, असं या घरात चालत आलेलं. मागच्या वर्षी नेमकं सणाच्या सकाळीच मीनलला बाहेर बसावं लागलं. सगळा स्वयंपाक भागाबाईंच्या एकटीच्या अंगावर आला आणि पंगत दुपार टळून गेल्यावर बसली.

म्हणून या वर्षी भागाबाईंनी आधीच ठरवलं.

"अमर, मोतीरामच्या मेडिकलातून ते पाळी पुढं ढकलाची गोळी आण."

"माय, मी मागू ते?"

"मंग तुह्या बापाले पाठवू काय?"

नागोराव बाजेवरूनच ओरडले, "मले पाठवसान तं मी खोकल्याचीच घेऊन येईन, सांगून ठेवतो."

अमर गेला. मोतीराम, म्हणजे त्या मेडिकलचा मालक, यानं काही विचारलं नाही. गोळ्या दिल्या. मीनलनं घ्यायला सुरुवात केली.

आता गंमत बघा. मी तोवर आत घुसलेली होते, पण कोणाला माहीत नव्हतं. गोळी वाफ्याला म्हणत होती, मोडू नको. मीही तेच म्हणत होते. एकाच दारावर दोघं उभे, एकमेकांना न ओळखता. मीनलनं पुरण घातलं, आंबील केली, सोळा भाज्या चिरल्या. महालक्ष्म्या थाटात जेवल्या. पाळी आली नाही याचं सगळं श्रेय गोळीला गेलं.

मग सण संपला आणि गोळी बंद झाली.

तो माझा सगळ्यात कठीण काळ. गोळी बंद केली की दोन-चार दिवसांत पाळी येते, असा हिशोब असतो. आता वाफा धरून ठेवायला मी एकटीच होते. माझा आतला थर पेशी पुरवत होता, बाहेरचा थर निरोप पाठवत होता. थांब, थांब, थांब. वाफा थोडा हलला. मी जिथं जिथं शिरले होते तिथली एखादी बारीक नस फुटली आणि मीनलला दोन दिवस थोडे डाग दिसले. बस, एवढंच. मी धरून राहिले.

"आली का वं?" भागाबाईंनी विचारलं.

"आली वाटते आत्याबाई. थोडीशीच हाय."

"गोळीनं कमी येत असन. न्हाऊन घे मंग."

झालं. मीनल डोक्यावरून न्हाली आणि माझ्या रुजण्याचे डाग पाळी म्हणून जमा झाले.

इथं तुम्ही म्हणाल, मीनलला जराही शंका आली नाही का? आली. पण तिला ती शंका नको होती. दोन वर्षांपूर्वी तिला दिवस राहिले होते. गरोदरपण तपासायच्या पट्टीवर बघितलं त्याच दिवशी भागाबाईंनी बाजारात पेढे वाटले. दुसरा महिना संपायच्या आत सगळं गेलं. पेढे खाल्लेले लोक मग महिनाभर भाजी घेताना विचारत होते, "काऊन वं, कसं काय झालं?" प्रत्येकाला उत्तर देत देत मीनलनं आशा लावायचं सोडून दिलं. आता पाळी चुकली तरी तिच्याकडं कारण तयार होतं. गोळी.

पुढच्या महिन्यात पाळी आलीच नाही. तेव्हा भागाबाई काळजीत पडल्या.

"गोळीनं अंग बांधल्या गेलं तुहं," त्या म्हणाल्या. "मोकळं झालं पायजे. अमर, मोतीरामले इचार, पाळी आणाची काही असन तं."

अमर पुन्हा गेला. मोतीराम म्हणाला, "हे घे. जेवल्यावर दे. दोन दिवसात मोकळी." अमरनं विचारलं नाही, मोतीरामनं सांगितलं नाही. मित्रांनो, ती गोळी नुसती पाळी आणायची नव्हती. ती मला वाफ्यावरून उपटून काढायची गोळी होती. अमरनं ते पाकीट मीनलच्या पर्समध्ये टाकलं. दुपारी डबा खाल्ला की घे, असं सांगून तो टमाट्याचे क्रेट आणायला रानात गेला.

मी तिच्या पोटात, गोळी तिच्या पर्समध्ये. मध्ये फक्त एक डबा.

त्या दिवशी मीनल दुकानावर एकटी होती. मुळ्याच्या जुड्या बांधता बांधता तिला त्या वासानं एकदम उमळून आलं. ती उठून नालीकडं पळाली. वांती माझ्याच निरोपामुळं होते असं म्हणतात. खरं असेल तर माफ कर मीनल, पण त्या दिवशी ती फार कामाला आली.

शेजारी राजव्वा बसायची. कांदे-लसूण विकणारी, साठीची तेलुगू बाई. अर्धी तेलुगू, अर्धी मराठी बोलायची आणि दोन्हीकडून टोमणे मारायची. तिनं पाण्याचा तांब्या पुढं केला.

"काय झालं बिड्डा? नेल तप्पिंदा?"

बिड्डा म्हणजे पोरी, नेल म्हणजे महिना. महिना चुकला का, असं ती विचारत होती.

"नाही वो राजव्वा. महालक्ष्मीची गोळी घेतली होती ना, त्याच्यानं होऊन राह्यलं."

"महालक्ष्मी कधीच घरी गेली. गोळी अजून पोटात बसून काय करते? आराम?"

"आज दुसरी घेणार हाय. यायनं आणली."

"आधी पट्टी बघ. मग घे काय घ्यायचं ते."

"पट्टी कोण आणन?" मीनल म्हणाली. "मोतीरामले मागतली तं संध्याकाळपर्यंत साऱ्या बाजाराले मालूम. मांगच्या खेपेचं तुमी पाह्यलं नाही काय? परत एकदा नाही जमत मले ते."

राजव्वानं पदर खोचला, दोन लॉऱ्यांच्या मधून रोड ओलांडला आणि थेट मोतीरामच्या मेडिकलात जाऊन उभी राहिली. मीनल इकडून बघत होती. राजव्वाचा आवाज असा की रोडच्या या काठावर सगळं ऐकू यायचं.

"पट्टी दे रे. पोट हाय का नाही, बघायची."

"कोणाले पायजे राजव्वा?"

"नाके रा!" म्हणजे, मलाच रे.

मोतीरामनं चष्मा काढला, पुसला, परत घातला. "तुमाले? तुमच्या नातवाचं लग्न झालं ना औंदा?"

"झालं. त्याला अजून जमेना. म्हटलं आपणच दाखवावं."

दुकानातली गिऱ्हाइकं पोट धरून हसायला लागली. मोतीरामनं लाल होऊन पट्टी कागदात गुंडाळली आणि कधी एकदा ही बाई जाते असं त्याला झालं. इकडं मीनलही हसत होती. कित्येक दिवसांनी. तिच्या हसण्यानं मी चांगलीच हलले, पण सुटले नाही.

राजव्वाचं घर बाजाराच्या मागंच. मीनल तिथं गेली आणि पट्टी घेऊन न्हाणीत शिरली. त्या पट्टीत दोन रेघा उमटतात. पहिली पट्टीची स्वतःची. दुसरी माझी. मी इतके दिवस जो निरोप पाठवत होते, तो रक्तातून लघवीत उतरलेला होता. तो पट्टीनं वाचला. गर्द, लालबुंद रेघ.

जगात पहिल्यांदा माझं म्हणणं कोणीतरी वाचलं, मित्रांनो.

मीनल बाहेर आली आणि कांद्याच्या पोत्यावर बसली. ना हसली, ना रडली. मग म्हणाली, "राजव्वा, कोणाले सांगू नका."

"मी काय सांगू? मोतीरामनं विचारलं तर सांगते, मला दोन रेघा आल्या."

अमर क्रेट घेऊन आला तेव्हा मीनल दुकानावर उभी होती. एका हातात पट्टी, दुसऱ्या हातात ते पाकीट.

"हे काय देऊन राह्यले होते तुमी मले?"

"पाळीची हाय म्हणे..."

"बाई पोटुशी असन तं काय होते, इचारलं होतं त्याले?"

अमरनं पट्टी बघितली. पाकीट बघितलं. क्रेट तसाच खाली ठेवून त्यावरच बसला. खालचे टमाटे फुटले, त्याला कळलं नाही.

रात्री भागाबाईंना सांगावंच लागलं. दुसऱ्या दिवशी तिघंही आदिलाबादला डॉक्टर चारुलताबाईंकडं गेले. भागाबाई नको म्हटलं तरी आल्या. डॉक्टरांनी आधी ते पाकीट हातात घेतलं.

"ही घेतली का?"

"नाही मॅडम."

"बरं केलंस. ही घेतली असतीस तर हे मूल राहिलं नसतं. आणि घरीच रक्त जायला लागलं असतं तर तुझ्याही जिवाशी आलं असतं."

भागाबाई खुर्चीत आणखी मागं सरकल्या. "मी तं म्हणलं, अंग मोकळं होईन पोरीचं," त्या पुटपुटल्या. "मीच तं आणाले लावली वं थे गोळी."

"आत्याबाई, नाही घेतली मी," मीनल म्हणाली आणि तिनं त्यांचा हात धरला.

सणाच्या गोळ्यांचं काय, हे मीनलनं भीत भीत विचारलं. त्या थोड्या दिवसांच्या गोळ्यांनी सहसा काही बिघडत नाही, पण यापुढं विचारल्याशिवाय काहीही पोटात घालायचं नाही, असं डॉक्टर म्हणाल्या. मग सोनोग्राफीचं मशीन लावलं. काळ्या पडद्यावर एक पिशवी दिसली, पिशवीत एक ठिपका, आणि ठिपक्यात काहीतरी लुकलुकत होतं.

"हा ठोका."

"मांगच्या खेपेले दिसला नव्हता," मीनल म्हणाली आणि आता कुठं रडली. "मॅडम, ते माह्या कामानं गेलं होतं काय? वजन उचलत होती मी."

"नाही गं. पहिल्या दोन-तीन महिन्यांत गेलेल्या गर्भात बऱ्याचदा बीच नीट नसतं. रुजतं, पण वाढत नाही. टोपल्या उचलून ते जात नसतं. तुझी चूक नव्हती ती."

दोन वर्षं मीनलच्या छातीवर बसलेलं काहीतरी तेव्हा उठून गेलं. मला ते रक्तातून कळलं.

पुढचे महिने माझ्या कामाचे. तेही थोडं सांगते, कारण ते कोणी सांगत नाही.

सुरुवातीला मीनलच्या रक्ताच्या नागमोडी नसांची तोंडं माझ्या आतल्या थराच्या पेशींनी बुजवून ठेवली होती. तुम्हाला वाटेल, अन्नाची वाटच बंद केली? पण नाजूक रोपाला पाटाचं पाणी एकदम सोडलं तर रोप वाहून जातं. आधी ओलीवर जगवायचं असतं. तिसरा महिना भरत आला, मी मजबूत झाले, तेव्हा ती तोंडं मी हळूहळू मोकळी केली. नसा रुंद केल्या, म्हणजे रक्त जोरात न येता भरपूर यावं. माझ्या अंगाला मुळांसारख्या हजारो बारीक फांद्या फुटल्या. मीनलचं रक्त त्या फांद्यांच्या भोवतीनं वाहतं, बाळाचं रक्त फांद्यांच्या आतून. दोघांच्या मध्ये माझा पातळ पडदा, आणि त्याची आईकडची बाजू म्हणजे माझा तोच भिंती नसलेला बाहेरचा थर. साखर, श्वास, आजाराशी लढायची ताकद, सगळं त्यातून पार होतं, आणि तरी रक्तात रक्त मिसळत नाही. याच काळात तो पिवळा गोळाही निवृत्त झाला. वाफा सांभाळायचं काम मी स्वतःकडं घेतलं.

पाचव्या महिन्यात परत मशीन लावलं. या वेळी नागोरावही आले होते. डॉक्टर म्हणाल्या, "ही वार बघा. वरच्या बाजूला आहे, एकदम चांगल्या जागी. मस्त वाढली आहे."

नऊ महिन्यांत माझं एवढंच कौतुक झालं. मी ते जपून ठेवलंय.

"थे होय वार?" नागोराव म्हणाले. "मले वाटलं आभाळ आलं मशिनीत."

आणि तेवढ्यात बाळानं पाय मारला. सगळे बाळाकडं बघायला लागले. अमर तर पडद्याला नाक लावून उभा होता. असू दे. मीही त्याच पायासाठी राबत होते.

आता मे महिना आहे. बाहेर आदिलाबादचं ऊन, म्हणजे काय सांगायचं. माझ्या अंगावर पांढरे ठिपके पडलेत. डॉक्टर म्हणाल्या, वार पिकली, आता कधीही. घरात नावं ठरवणं चाललंय. मुलगा-मुलगी माहीत नाही, तरी भांडणं सुरू आहेत.

परवा भागाबाई मीनलच्या पायाला तेल लावत बसल्या होत्या. म्हणाल्या, "अमरच्या टायमाले घरीच बाळंत झालती मी. सुईणीनं वार पाण्यात धरून उलटीपालटी करून पाह्यली, मंग न्हाणीपाशी खड्डा करून पुरली. हळद-कुंकू वाह्यलं, वरून दगड ठेवला, कुत्र्यानं उकरू नये म्हणून. आता दवाखान्यात काय करतेत कोण जाणे."

"पिवळ्या पिशवीत टाकतेत म्हणे," मीनल म्हणाली.

"टाकतेत? निस्ती?" भागाबाईंचा हात थांबला. "लेकराइतकीच असते ना वं तेही."

तेही मी जपून ठेवलंय.

पण मित्रांनो, मला हळद-कुंकू नको. खड्डा नको, दगड नको. पिशवीत टाकतात ते रोग पसरू नये म्हणून, त्याचं मला वाईट वाटत नाही. माझं मागणं वेगळं आहे आणि ते मी आत्ताच सांगून ठेवते, कारण त्या दिवशी माझं कोणी ऐकणार नाही.

बाळ आधी बाहेर येईल. ते रडलं की सगळे तिकडं धावतील. धावाच. पण एका माणसानं मीनलपाशी थांबा. मी मागून येते, थोड्या वेळानं. मला उगाच ओढू नका. मी आले की मला उजेडात पसरा आणि माझी खडबडीत बाजू नीट बघा, एखादा तुकडा कमी तर नाही. कारण मी इतकी मुळं रोवली आहेत की माझा एक तुकडा जरी आत राहिला तरी मीनलचं रक्त थांबणार नाही. नऊ महिने तिचं रक्त माझ्या अंगावरून वाहिलं, मी त्याचा हिशोब चुकू दिला नाही. शेवटच्या दिवशी माझ्यामुळंच ते वाहून जाऊ नये.

आणि तुमच्या घरात कोणाची पाळी चुकली, तर गोळी आणायच्या आधी त्या बाईला विचारा, पट्टी लावा, डॉक्टरला दाखवा. आत कोणीतरी माझ्यासारखं, कडेला उभं राहून, निरोप पाठवत असू शकतं.

आज सकाळपासून मीनलचं पोट दर थोड्या वेळानं दगडासारखं घट्ट होतंय. अमर गाडी बघायला गेलाय. भागाबाई दवाखान्यात न्यायची पिशवी भरतायत, आणि मीनल दाराला धरून उभी आहे, दात आवळून. भिऊ नको, पोरी.

धरून ठेवायचं काम होतं, ते मी केलं. आता मी पूर्ण सुटले की नाही, तेवढं तुम्ही बघा.